वाचकांचे प्रश्न : सरकारकडे अडकलेले बिल आणि पर्वरीची वाट

पावसाळी कामांची बिले अडकली की आमच्याकडे पत्रांचा ओघ सुरू होतो. या वेळच्या पत्रांत एकच सूर आहे: ‘हायकोर्टात रिट घातली तर पैसे मिळतील का?’ (रिट म्हणजे सरकारच्या वागण्याविरुद्ध थेट उच्च न्यायालयात केलेली याचिका; मुंबई उच्च न्यायालयाचे गोव्यातले खंडपीठ पर्वरीला बसते.) सहा पत्रे निवडली आहेत. पत्रलेखकांची नावे गाळली असून गावे तेवढी ठेवली आहेत.

प्रश्न १ (डिचोली) : स.न.वि.वि. सार्वजनिक बांधकाम खात्याचे गटार आणि संरक्षक भिंतीचे काम केले. मुदत सहा महिन्यांची होती. एकूण १८ लाख ६४ हजार येणे आहे. तिसरे रनिंग बिल (काम चालू असताना झालेल्या भागाचे बिल) पास होऊन चौदा महिने झाले, तरी पैसे नाहीत. फायनल बिल तर साहेबांच्या टेबलावरच. ओळखीचे वकील म्हणतात, दावा लावला तर वर्षे जातील, स्टॅम्प फी जाईल. रिट करू, दोन तारखांत निकाल. करू का?

उत्तर : करू शकता, पण १८ लाख ६४ हजारांसाठी नाही.

तुम्ही पत्रासोबत पाठवलेला तक्ता आधी पाहू. पास झालेल्या तिसऱ्या बिलाचे ११,२०,००० रुपये. खोदकामात कठीण खडक लागला म्हणून २१२ घनमीटरचा दरफरक, २,४३,८००. भाववाढ ३,१०,२००. उशिराबद्दल खात्याने कापलेला दंड १,९०,०००. चार रकमा आहेत आणि कायद्याच्या नजरेत त्या एका जातीच्या नाहीत.

राज्यघटनेच्या कलम २२६ खाली उच्च न्यायालयाचे काम असते सरकार मनमानी करते का, हे पाहणे. येणे किती आणि देणे किती याचा हिशेब मांडणे हे त्याचे काम नव्हे. रिट चालते प्रतिज्ञापत्रांवर. कनिष्ठ अभियंत्याला पिंजऱ्यात उभे करून ‘खड्डा किती खोल होता?’ असे तिथे कोणी विचारत नाही. साक्ष नाही, उलटतपासणी नाही. म्हणून ज्या रकमेसाठी तसे विचारावे लागेल, ती रक्कम रिटमध्ये बहुधा मिळत नाही. फक्त पैसे परत मिळावेत एवढ्याच मागणीची रिट सहसा चालणार नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने सुगनमल खटल्यात १९६५ सालीच सांगितले. ब्रिज अँड रूफ कंपनीच्या १९९६ च्या निकालात बिलातून कापलेल्या विक्रीकराचा वाद होता. करारात लवादाचे कलम (वाद न्यायालयाबाहेर नेमलेल्या पंचाकडे न्यायची अट) आहे, तिकडे जा, असे त्या कंपनीला सांगण्यात आले. २००० सालच्या कुरियन कलाथिल निकालातही तेच: कराराच्या अटीचा अर्थ काय, हा वाद समोरचा पक्ष सरकारी मंडळ आहे एवढ्याने रिटचा होत नाही.

पण दार पूर्ण बंदही नाही. एबीएल इंटरनॅशनल खटल्यात (२००३) सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की वाद कराराचा आहे, मागणी पैशांची आहे, एवढ्या कारणाने रिट फेटाळता येणार नाही. वस्तुस्थितीचा खरा वाद नसेल आणि सरकारचे वागणे मनमानीचे असेल तर उच्च न्यायालय पैसे द्यायला लावू शकते. सूर्या कन्स्ट्रक्शन्सच्या २०१९ च्या निकालात जादा कामाची रक्कम खात्याच्या स्वतःच्या पत्रव्यवहारातूनच देय दिसत होती. तिथे रिट चालली. लवादाचे कलम आहे म्हणून रिटला कायमचा अडसर नाही, हे २०२१ च्या युनिटेक निकालात आहे. मात्र ‘अडसर नाही’ याचा अर्थ ‘हक्क आहे’ असा घेऊ नका. लवादाचे कलम असेल तर न्यायालय बहुधा तिकडेच पाठवते.

आता तुमच्या चार रकमा घ्या.

तिसरे बिल : हीच एक रक्कम रिटजोगी आहे. पण ‘बिल पास झाले’ हे तुमचे म्हणणे झाले. कागद काय म्हणतो ते पाहा. माहिती अधिकाराखाली अर्ज करून इतके मागा : मोजमाप पुस्तिकेची संबंधित पाने, पान क्रमांकासह, सहाय्यक अभियंत्याने केलेल्या फेरतपासणीची नोंद, बिलाचा गोषवारा, विभागीय लेखापालाचा शेरा, आणि त्यानंतरच्या सर्व नोटशीट (फाईलवरच्या आतल्या टिपण्यांची पाने). उत्तराची मुदत ३० दिवस. प्रती मिळायला उशीर होत असेल तर प्रत्यक्ष पाहणीचा हक्कही त्याच कायद्यात आहे. कार्यालयात बसून पाने चाळा. ही पाने पाहिल्यावर तीनपैकी एक चित्र दिसते. पहिले : मोजणी पूर्ण, तपासणी पूर्ण, कार्यकारी अभियंत्याची सही, आणि शेवटचा शेरा ‘निधी उपलब्ध नाही’. हे कबूल देणे, रिट करा. दुसरे : लेखापालाने काँक्रीटच्या घनांचा चाचणी अहवाल मागितला आणि तो जोडलेलाच नाही. इथे रिट करण्याआधी अहवाल द्या, नाहीतर सरकारी वकील पहिल्याच तारखेला तो शेरा वाचून दाखवतील. तिसरे : कोणीतरी भिंतीच्या दर्जाबद्दल किंवा लांबीबद्दल लेखी हरकत घेतली आहे. मग रक्कम कबूल राहिली नाही, वादग्रस्त झाली. हरकत खोटी असेल तरीही. ती खोटी आहे हे सिद्ध करायला पुरावा लागतो, आणि पुरावा घेतला की ती रिट राहत नाही.

नोटशीटवर एखाद्या साहेबांनी ‘मंजूर’ लिहिले म्हणून नाचू नका. आतल्या टिपणीने हक्क मिळत नाही. तो निर्णय आदेश म्हणून तुम्हाला कळवला गेला पाहिजे. बच्चितर सिंग खटल्यापासून, म्हणजे साठच्या दशकापासून, कायदा हाच आहे. तरीही ती टिपणी याचिकेला जोडा, कारण खात्याने नंतर घेतलेल्या पवित्र्याशी ती विसंगत असेल तर मनमानीचा मुद्दा तिथूनच उभा राहतो.

खडकाचा दरफरक : हा लवादाचा विषय, आणि तिथेही कठीण. तुम्ही फोटो पाठवलात, त्यात जांभा दिसतो. केंद्रीय सार्वजनिक बांधकाम खात्याच्या विनिर्देशांत (कामाच्या तांत्रिक अटींत) कठीण जांभासुद्धा ‘साधारण खडक’ या वर्गात मोडतो. पहार-कुदळीने फुटतो तो साधारण, सुरुंग किंवा पाचर मारावी लागते तो कठीण. सैल करायला हलका सुरुंग लावला तरी वर्ग बदलत नाही. तुमच्या निविदेला हेच विनिर्देश जोडलेले असतील तर २१२ घनमीटरपैकी जांभ्याखालचा काळा दगड किती होता, हे वेगळे दाखवावे लागेल. थरांची संयुक्त मोजणी झाली नसेल तर या २,४३,८०० ची फार आशा धरू नका.

भाववाढ : तुमच्या कामाची मूळ मुदत सहा महिने. भाववाढीचे कलम बहुतेक करारांत त्याहून बऱ्याच लांब मुदतीच्या कामांनाच लागते. करार उघडून पाहा. कलम लागू नसेल तर ही मागणी सोडा. कमकुवत मागणी बळकट मागणीलाही खाली ओढते.

दंड : उशीर कोणामुळे झाला, हा शुद्ध वस्तुस्थितीचा प्रश्न. विजेचे खांब हलवायला लागलेले दिवस, पावसाने बंद पडलेले दिवस, नकाशा उशिरा मिळाल्याचे दिवस, हे सगळे साइट-नोंदवहीतून काढून लवादापुढे मांडा. एक अपवाद : मुदतवाढ आधी दंडाशिवाय मंजूर झाली असेल आणि नंतर दंड कापला असेल, तर तो कागद रिटमध्येही चालू शकतो.

म्हणजे रिट ११,२०,००० पुरती करा. उरलेल्या मागण्यांचे हक्क राखून ठेवल्याचे याचिकेत एका परिच्छेदात स्पष्ट लिहा, आणि त्याच आठवड्यात लवादाची नोटीस पाठवा. सगळे एकाच पोत्यात भरून पर्वरीला नेले तर न्यायालय पोते बघते, आतले ११ लाख बघत नाही. ‘प्रकरणात वादग्रस्त तथ्ये आहेत, योग्य मंचाकडे जा’ एवढा आदेश घेऊन परतावे लागते.

याचिकेआधी एक लेखी मागणीपत्र जरूर द्या. त्यात रक्कम, बिल क्रमांक, तारीख, आणि ‘या तारखेपासून व्याज मागत आहे’ हे वाक्य असू द्या. १९७८ च्या व्याज कायद्याखाली करारात व्याजाची तरतूद नसली तरी अशा लेखी मागणीच्या तारखेपासून व्याज मागता येते. करारात उशिरावर व्याज मिळणार नाही अशी अट आहे का, तेही पाहा. असली तर ती लवादालाही बांधते.

प्रश्न २ (फोंडा) : रस्त्याचे काम २० मे २०२३ रोजी पूर्ण झाले. ९ जानेवारी २०२४ च्या पत्रात कार्यकारी अभियंत्यांनी ‘निधी उपलब्ध होताच प्रलंबित बिल अदा केले जाईल’ असे लिहिले. ४ ऑगस्ट २०२५ च्या पत्रात ‘प्रकरण विचाराधीन आहे’. माझे मामा म्हणतात, गोव्यात पोर्तुगीज कायद्याने वसुलीला वीस वर्षे मुदत आहे, घाई नको. खरे का?

उत्तर : मामांचे म्हणणे एके काळी अगदीच निराधार नव्हते. पोर्तुगीज नागरी संहितेच्या कलम ५३५ मध्ये वीस आणि तीस वर्षांची तरतूद होती, आणि ती गोव्यात चालते का यावर बरीच वर्षे वाद झाला. सिंडिकेट बँक विरुद्ध प्रभा नाईक या निकालात सर्वोच्च न्यायालयाने २००१ साली तो संपवला : अशा करारांच्या वसुलीला भारताचा १९६३ चा मुदत कायदाच लागू. मामांना सांगा, वीस नव्हे, तीन.

तीन कधीपासून? पैसे कधी द्यायचे ते करारात ठरलेले नसेल तर काम झाले त्या दिवसापासून. तुमच्या बाबतीत २० मे २०२६. मात्र ९ जानेवारी २०२४ चे पत्र तुमच्या उपयोगी आहे. मुदत संपण्याआधी सही करून दिलेली देण्याची लेखी कबुली नवी तीन वर्षे सुरू करते, मग त्यात ‘आत्ता नाही, नंतर देऊ’ असे असले तरी चालते. नेमका आकडा लिहिलेलाही लागत नाही. म्हणून ९ जानेवारी २०२७ पर्यंत जागा आहे असे म्हणता येईल. सही करणाऱ्याला तो अधिकार नव्हता, असा मुद्दा खाते काढू शकते. तेव्हा २० मे २०२६ हीच खरी तारीख समजून चाला आणि दुसरी राखीव ठेवा.

ऑगस्टचे पत्र मात्र काही कामाचे नाही. ‘विचाराधीन’ म्हणजे कबुली नव्हे. निवेदनांवर निवेदने देत राहिल्यानेही मुदत थांबत नाही. बरेचजण इथेच फसतात : रिट करतात, न्यायालय ‘आठ आठवड्यांत निवेदनावर निर्णय घ्या’ एवढाच आदेश देते, खाते निर्णय घेते ‘नामंजूर’, आणि माणसाला वाटते की आता नव्याने तीन वर्षे मिळाली. नाही मिळत. मेलेली मागणी निवेदनावरच्या निर्णयाने जिवंत होत नाही, हे सर्वोच्च न्यायालयाने सी. जेकब खटल्यात (२००८) स्पष्ट केले आहे. रिटलाही मुदत कायद्याची रेघ अप्रत्यक्ष लागतेच : दाव्याची मुदत उलटून गेल्यावर आलेली रिट सहसा उशिराची मानली जाते, १९६४ च्या भाईलाल भाई निकालाचा हा मापदंड आजही वापरतात.

चुकीच्या मंचावर प्रामाणिकपणे घालवलेला काळ मुदत कायद्याच्या कलम १४ खाली वगळून मागता येतो. पण ‘प्रामाणिकपणे’ आणि ‘तत्परतेने’ हे दोन शब्द तुम्हाला सिद्ध करावे लागतात, आणि सुरुवातीलाच लवादाचे कलम समोर असताना रिट केली असेल तर ते सोपे जात नाही. त्या कलमाच्या भरवशावर बेत आखू नका.

करारात लवाद असेल तर मुदतीपूर्वी लवाद कायद्याच्या कलम २१ ची (वाद लवादाकडे नेत असल्याची) नोटीस खात्याला पोचली पाहिजे. पाठवली नव्हे, पोचली. मे महिन्यात न्यायालयांना उन्हाळी सुटी असते आणि दाव्याला सुटीनंतर उघडण्याच्या दिवसाची सवलत मिळते. नोटिशीला तसली सवलत नाही. लवाद नसेल तर दावा, आणि सरकारवर दाव्याआधी दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ८० ची दोन महिन्यांची नोटीस, राज्याच्या सचिवाच्या किंवा जिल्हाधिकाऱ्याच्या नावे. हे दोन महिने मुदतीतून वगळले जातात. प्रतिवादीचे नाव ‘गोवा राज्य’ असे हवे. कार्यकारी अभियंत्याच्या नावाने दावा लावणारे अजून भेटतात.

आणखी एक. ‘फायनल बिलाची सूचना मिळाल्यापासून अमुक दिवसांत मागणी केली नाही तर हक्क संपला’ अशी अट काही करारांत असते. १९९७ मध्ये करार कायद्याचे कलम २८ दुरुस्त झाल्यापासून असा हक्क खुडणारी अट निरर्थक ठरते. तरीही ते दिवस पाळा. निष्कारण एक वाद कशाला वाढवायचा?

प्रश्न ३ (सत्तरी) : जुलैमध्ये दरड कोसळून रस्ता बंद झाला. कनिष्ठ अभियंत्यांचा फोन आला, ‘जेसीबी घाला, वर्क ऑर्डर मागून काढू.’ चार दिवस, जेसीबीचे ३१ तास, टिपरच्या ४६ फेऱ्या. बिल २ लाख ८५ हजार. ते साहेब बदलून गेले. नवे म्हणतात, नोंदच नाही. रिट होईल?

उत्तर : नाही. तुमच्याकडे कबूल देणे नाही आणि करारही नाही. सरकारचा करार राज्यघटनेच्या कलम २९९ प्रमाणे राज्यपालांच्या नावे, अधिकार असलेल्याने, लेखी करायचा असतो. फोनवरचा शब्द म्हणजे करार नव्हे. करार नाही, म्हणून लवादही नाही.

पण पैसे बुडाले असेही नाही. करार कायद्याचे कलम ७० म्हणते : फुकट करण्याचा हेतू नसताना एखाद्याने दुसऱ्यासाठी कायदेशीरपणे काम केले आणि दुसऱ्याने त्याचा लाभ घेतला, तर मोबदला द्यावा लागतो. पश्चिम बंगाल सरकार विरुद्ध बी. के. मंडल या १९६१ च्या निकालात अधिकाऱ्यांच्या सांगण्यावरून शेड वगैरे बांधलेल्या कंत्राटदाराला, विधिवत करार नसतानाही, याच कलमाने पैसे मिळाले. मार्ग दिवाणी दाव्याचा. तुमचा आकडा तीन लाखांच्या खाली असल्याने व्यापारी न्यायालय आणि दाव्यापूर्वीची सक्तीची मध्यस्थी हा फाटा तुम्हाला नाही. तीन लाख किंवा जास्त असता तर तो पाहावा लागला असता.

सिद्ध काय करायचे? खात्याने सांगितले, तुम्ही केले, आणि रस्ता त्यामुळे खुला झाला. दर तुमच्या बिलातला मिळेलच असे नाही. वाजवी मोबदला ठरवताना न्यायालय खात्याच्या दरसूचीकडे बघते. म्हणून बिल त्याच पद्धतीने पुन्हा मांडा. ‘जेसीबी ३१ तास’ ही तुमच्या खर्चाची भाषा. दरसूचीची भाषा घनमीटरची. ४६ फेऱ्या, टिपरच्या हौद्याचे माप घेऊन, समजा ४.५ घनमीटर, तर २०७ घनमीटर सैल माती. खणलेली माती फुगते, त्यामुळे खाते त्यातून वजावट करेल. ती आधीच करून दाखवली तर आकड्यावर विश्वास बसतो.

कागद आजच गोळा करा. जेसीबीच्या लॉगशीटवर कोणाची सही आहे? डिझेलच्या पावत्या, टिपर मालकाची चिठ्ठी, माती टाकली त्या जागेच्या मालकाचे पत्र, पंचसदस्याचे ‘अमुक तारखेला रस्ता मोकळा झाला’ असे पत्र. व्हॉट्सॲपवर साहेबांना पाठवलेले फोटो आणि त्यांचे ‘ओके’ हे सर्वांत मोलाचे; तो फोन विकू नका, बदलू नका. इलेक्ट्रॉनिक पुराव्याला भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ६३ चे प्रमाणपत्र लागते.

पुढच्या खेपेसाठी : फोन ठेवताच ‘आपल्या आजच्या दूरध्वनी सूचनेनुसार काम सुरू करत आहे’ असा दोन ओळींचा ईमेल कनिष्ठ अभियंत्याला आणि प्रत कार्यकारी अभियंत्याला. माती उचलण्याआधी ढिगाची लांबी, रुंदी, उंची घेऊन टेप दिसेल असे फोटो. माती उचलली की पुरावाही टिपरबरोबर जातो.

प्रश्न ४ (पेडणे) : फायनल बिल घेताना ‘आता काही येणे नाही’ अशा छापील ओळीखाली सही करावी लागली, नाहीतर चेक देत नव्हते. उरलेले चार लाख गेले का?

उत्तर : त्या सहीने मागणी आपोआप संपत नाही. आर. एल. कलाथिया विरुद्ध गुजरात राज्य (२०११) मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तसे म्हटले आहे. पण बोघरा पॉलिफॅब निकालाची (२००८) दुसरी बाजूही आहे : दबाव होता हे नुसते म्हणून भागत नाही, दाखवावे लागते. आणि दबाव दाखवण्याचा सर्वांत चांगला पुरावा म्हणजे घाई. चेक जमा झाल्यावर दोन-तीन दिवसांत ‘सही नाइलाजाने केली, अमुक रक्कम येणे आहे’ असे पत्र गेले असेल तर बाजू उभी राहते. सात महिन्यांनी वकिलाच्या नोटिशीत पहिल्यांदा ‘दबाव’ हा शब्द आला तर कोणी मानत नाही. तुमचे पत्र कधीचे, ते तुम्ही लिहिलेले नाही. सगळे त्यावर आहे.

सही करताना जागा असेल तिथे पेनने ‘हक्क राखून, हरकतीसह’ लिहावे. मोजमाप पुस्तिकेतल्या ‘मोजमापे मान्य’ या ओळीखालीही तेच. कारकून कुरकुरेल, कधी पान परतही देईल. तसे झाले तर त्या दिवशीच ईमेल करा. रिटचा इथे प्रश्नच नाही. दबाव होता की नव्हता याहून मोठी वादग्रस्त वस्तुस्थिती ती कुठली?

प्रश्न ५ (वेर्णा) : आमचा लघुउद्योग आहे, उद्यम नोंदणी जुनी. राज्याच्या एका महामंडळाला ५ लाखांची कपाटे पुरवली. आठ महिने झाले. महामंडळ म्हणते आम्ही कंपनी, सरकार नव्हे. रिट चालेल का?

उत्तर : सरकारच्या मालकीचे आणि नियंत्रणाखालचे महामंडळ राज्यघटनेच्या कलम १२ च्या अर्थाने ‘राज्य’ असू शकते, त्यामुळे कंपनी असल्याची सबब रिटपुरती लंगडी आहे. (कलम ८० च्या नोटिशीपुरते मात्र ते सरकार नव्हे, दावा करायचा तर ती दोन महिन्यांची नोटीस लागत नाही.) पण तुम्ही रिटकडे बघूच नका, तुमच्याकडे त्याहून धारदार हत्यार आहे.

सूक्ष्म, लघु व मध्यम उद्योग विकास कायदा, २००६. माल स्वीकारल्यापासून जास्तीत जास्त ४५ दिवसांत पैसे. करारात ९० दिवस लिहिले असले तरी ४५. उशीर झाला तर रिझर्व्ह बँकेच्या बँक रेटच्या तिप्पट दराने, दरमहा चक्रवाढ व्याज. बँक रेट ६ टक्के धरला तर १८ टक्के. वर्षभरात ५ लाखांवर सुमारे ९७,८०० रुपये. सुलभीकरण परिषदेकडे ऑनलाइन अर्ज करा; तिचे अध्यक्षपद उद्योग संचालनालयाकडे असते. आधी समेट, तो फसला तर लवाद. निवाड्याला आव्हान द्यायचे तर खरेदीदाराला ७५ टक्के रक्कम आधी भरावी लागते. या ७५ टक्क्यांमुळेच बरीच महामंडळे समेटाच्या टेबलावर मवाळ होतात.

अर्जात पुरवठ्याची पावती हवी, स्वीकृतीच्या सही-शिक्क्यासह. माल मिळाल्यापासून १५ दिवसांत लेखी हरकत आली नसेल तर माल स्वीकारला असे धरतात. नोंदणी ऑर्डरच्या आधीची असणे महत्त्वाचे. बांधकामाच्या कंत्राटदारांनी हे वाचून लगेच अर्ज भरू नयेत : कामाची कंत्राटे या कायद्यात बसत नाहीत असा दृष्टिकोन मुंबई उच्च न्यायालयाने घेतलेला आहे.

प्रश्न ६ (मडगाव) : बिलाच्या भांडणात खात्याने लवादाआधीच आम्हाला काळ्या यादीत टाकले. मुदत लिहिलेली नाही, नोटीस फक्त ‘काम निकृष्ट का, खुलासा करा’ अशी होती. हेही लवादाकडेच न्यायचे?

उत्तर : हे पर्वरीला न्या, आणि लवकर. पैशांच्या वादात न्यायालय हात आखडते घेते, पण काळी यादी ही कराराबाहेरची, सगळ्या सरकारी कामांतून बाहेर काढणारी कारवाई आहे; तिथे नैसर्गिक न्याय पाळला का, एवढेच बघायचे असते आणि ते कागदांवरून दिसते. काळ्या यादीत टाकण्याचा इरादा कारणे दाखवा नोटिशीत स्पष्ट हवा, हे गोरखा सिक्युरिटी निकालात (२०१४) आहे. यादी बेमुदत असू नये हे कुलजा इंडस्ट्रीज निकालात (२०१३). तुमच्या प्रकरणात दोन्ही दोष दिसतात.

याचिकेत बिलाची मागणी मिसळू नका. काम निकृष्ट होते की नव्हते यावर न्यायालयाने या रिटमध्ये काही बोलावे, अशी मागणी तुमच्या वकिलाने करूच नये. तो निष्कर्ष विरुद्ध गेला तर लवादापुढे तोच कागद खाते पहिल्या पानावर लावेल. फक्त आदेश रद्द करून घ्या. नव्याने नोटीस आली तर तिला घन-चाचणीचे अहवाल, सिमेंटची बिले आणि खात्याच्याच अभियंत्याच्या तपासणी नोंदी जोडून मुदतीत उत्तर द्या.